काल्पनिक जगातलं मंद आकाश : खाली काळ सावकाश चालवायचा तर हिशोब कुठे कुठे द्यावा लागतो?

सांजवारा (धागाकर्ती)

एका काल्पनिक जगाचा आराखडा मांडतेय. जादू आहे, पण ती मोजकी. त्या जगात दर अठरा वर्षांनी एका खोऱ्यावर आकाशात तांबूस कडा असलेलं मोठं मंडळ दिसू लागतं. लोक त्याला 'मंदमंडळ' म्हणतात. ते ४० दिवस टिकतं आणि तेवढे दिवस त्याच्या खाली काळ सावकाश चालतो.

ठरवलेल्या गोष्टी : व्यास ३० किमी. खोऱ्यातून बारमाही नदी वाहते, एका बाजूने शिरते आणि दुसऱ्या बाजूने बाहेर पडते. मधोमध गड, पायथ्याशी बाजारपेठ. काळाचं गुणोत्तर ६०, म्हणजे बाहेर एक तास गेला की आत एक मिनिट. मंडळ पावसाळ्यात येतं.

वाचक लगेच बोट ठेवेल अशा विसंगती कोणत्या? सीमेवर नेमकं काय घडेल? "जादू आहे, चालतं" हे उत्तर नको. एकदा नियम ठरला की तो सगळीकडे सारखा लागू व्हायला हवा.

किरणमार्ग

पहिली अडचण ६० या आकड्याची, आणि ती प्रकाशापासून सुरू होते.

प्रकाश ही लाट आहे. बाहेरून सेकंदाला जितक्या लाटा सीमेवर येतात तितक्याच आत जाणार, वाटेत त्या हरवणार नाहीत. पण आतलं एक सेकंद म्हणजे बाहेरची ६० सेकंदं. म्हणून आतल्या माणसाला त्याच प्रकाशाची वारंवारता ६० पट दिसते. ५०० नॅनोमीटरचा हिरवा प्रकाश आत ८ नॅनोमीटरचा होतो, म्हणजे क्ष-किरणांच्या उंबरठ्यावर पोचतो. शिवाय प्रत्येक प्रकाशकणाची ऊर्जा ६० पट आणि दर सेकंदाला येणारे कणही ६० पट, म्हणून जमिनीवर पडणारी ऊर्जा ३,६०० पट.

गुणोत्तर नुसतं २ धरलं तरी ६०० नॅनोमीटरचा नारिंगी प्रकाश ३०० नॅनोमीटरचा अतिनील होतो आणि उन्हाची ऊर्जा चौपट होते.

आता आकाश कसं दिसेल ते. तुमच्या वर्णनात हे नाही, आणि माझ्या मते सगळ्यात देखणा भाग हाच आहे. मंद प्रदेशाची सीमा प्रकाशासाठी पाण्याच्या पृष्ठभागासारखी वागते. किरण आत शिरताना लंबाकडे वळतात आणि वक्रीभवनांक (ते किती वळतात हे ठरवणारा आकडा) म्हणून थेट काळाचं गुणोत्तरच येतं. वरची सीमा सपाट असेल आणि गुणोत्तर २ असेल, तर क्षितिजापासून क्षितिजापर्यंतचं सगळं आकाश डोक्यावरच्या ६० अंश रुंद गोलात दाटतं. त्या गोलाबाहेर नजर गेली की पूर्ण आंतरिक परावर्तन, म्हणजे आरसा. खोऱ्यातल्या माणसाने मान तिरकी केली की त्याला आपलंच खोरं, नदी, गडाचे दिवे वर उलटे टांगलेले दिसतील. सूर्य उगवतो तो या खिडकीच्या कडेला, आणि मावळतोही तिथेच.

सीमा घुमटाकार केली तर मधल्या माणसाला सगळे किरण लंबानेच येतील आणि हा देखावा मिळणार नाही. म्हणून छत चपटं ठेवा : ३० किमी रुंद, जमिनीपासून साधारण २ किमी उंच.

सांजवारा

हे उलटं खोरं घेतलंच! तांबूस कडेपेक्षा कितीतरी चांगलं आहे. पण मग लोक भाजून निघतील त्याचं काय?

उष्णतामान

भाजतील, आणि किती ते नेमकं सांगता येतं. आत ऊर्जा गुणोत्तराच्या वर्गाने जास्त येते. बाहेर पडताना मात्र जमिनीची उष्णता फक्त वरच्या त्या खिडकीतूनच निसटू शकते, कारण बाकीचा भाग आरसा आहे. दोन्ही परिणाम एकत्र केले की उत्तर सुटसुटीत निघतं : आतलं निरपेक्ष तापमान = बाहेरचं निरपेक्ष तापमान × गुणोत्तर. हे गुरुत्वाकर्षणाच्या सिद्धांतातून स्वतंत्रपणेही निघतं, टोलमनचा नियम म्हणून ते ओळखलं जातं.

बाहेर सरासरी १५ अंश सेल्सिअस म्हणजे २८८ केल्व्हिन धरा.

गुणोत्तर १.०५ : ३०२ केल्व्हिन, २९ अंश. कोकणातला दमट दिवस.
गुणोत्तर १.१ : ३१७ केल्व्हिन, ४४ अंश. मे महिन्यातला विदर्भ, फक्त ही सरासरी आहे, दुपार नव्हे.
गुणोत्तर २ : ५७६ केल्व्हिन, ३०३ अंश.
गुणोत्तर ६० : १७,२८० केल्व्हिन. सूर्याचा पृष्ठभाग ५,८०० च्या आसपास असतो.

म्हणजे प्रकाशाला कुठलीही सूट न देता माणसं जगवायची तर १.१ च्या पुढे जाता येत नाही.

अवकाशवेध

वरच्या दोघांना अनुमोदन. पण त्याहून मोठी अडचण अजून कोणी काढलेली नाही : पडणं.

काळाच्या वेगातला फरक आणि गुरुत्वाकर्षण या वेगळ्या गोष्टी नाहीत. जिथे काळ सावकाश चालतो तिकडे वस्तू पडतात. पृथ्वीवर हा फरक दर मीटर उंचीला सुमारे १०^-१६ इतका आहे. १९६० साली पाउंड आणि रेब्का यांनी हार्वर्डमधल्या २२.५ मीटरच्या मनोऱ्यात तो गॅमा किरणांनी मोजला. २०२० मध्ये टोकियो स्कायट्रीवर ४५० मीटर उंचीवरचं घड्याळ जमिनीवरच्या घड्याळापेक्षा दिवसाला साधारण ४ नॅनोसेकंदांनी पुढे जाताना मोजलं गेलं. जीपीएस उपग्रहांची घड्याळं उंचीमुळे दिवसाला ४५ मायक्रोसेकंद पुढे जातात, वेगामुळे ७ मागे पडतात. उरलेल्या ३८ ची दुरुस्ती केली नाही तर जागा सांगण्यातली चूक दिवसाला किलोमीटरांनी वाढते.

आता उलटा हिशोब. पृथ्वीइतक्याच ओढीवर भागवायचं असेल तर काळात १० टक्के फरक पडायला जवळजवळ एक दशांश प्रकाशवर्ष अंतर लागतं. तुम्ही तो फरक एक-दोन किलोमीटरच्या काठात बसवताय. १.१ गुणोत्तराच्या खड्ड्यात बाहेरून सोडलेला दगड तळाशी प्रकाशाच्या ४२ टक्के वेगाने पोचेल.

अजिबात सूट नको असेल तर खोरं सोडा आणि जग कृष्णविवराभोवती फिरवा. न फिरणाऱ्या कृष्णविवराभोवती सर्वांत आतल्या स्थिर वर्तुळाकार कक्षेत गुणोत्तर १.४१ मिळतं, त्याहून जास्त नाही. जास्त हवं तर कृष्णविवर स्वतःभोवती वेगाने फिरणारं लागतं. वस्तुमानही मोठं हवं : १ कोटी सूर्यांएवढं असेल तर भरतीच्या ओढीने पृथ्वीसारखा ग्रह त्या कक्षेत फाटतो, १० कोटी असेल तर तगतो. तिथे बाहेरच्या घड्याळाने वर्ष साडेबारा तासांचं होतं. आपल्या आकाशगंगेच्या मध्यावरचं ४३ लाख सूर्यांचं आहे, म्हणजे या कामाला लहान.

ओवीकार

थोडं अवांतर, पण हा प्रश्न आपल्याकडे जुना आहे म्हणून. राजा ककुद्मी मुलगी रेवतीसाठी वर विचारायला ब्रह्मलोकात गेला, तिथे गायन चाललं होतं म्हणून थांबला, आणि तेवढ्यात पृथ्वीवर २७ चतुर्युगं उलटली. ब्रह्मदेवाचा एक दिवस म्हणजे १,००० चतुर्युगं. तो दिवस आपल्या ३० घटिकांसारखा, म्हणजे १२ तासांचा धरला तर २७ चतुर्युगं बसतात साडेएकोणीस मिनिटांत, एका घटिकेहून थोडी कमी. एखादं गाणं ऐकायला लागेल तितकाच वेळ! गुणोत्तर येतं ३ लाख कोटींच्या वर.

या धाग्यासाठी कामाची गोष्ट वेगळी आहे. कथेत सीमा दाखवलेलीच नाही. राजा इथून निघाला आणि तिथे पोचला, मधला काठ नाही, म्हणून त्या कथेला उष्णता, पडणं, नदी यातलं काहीच सांभाळावं लागत नाही. सांजवारा यांच्या खोऱ्याला काठ आहे आणि तो रोज ओलांडला जाणार आहे, म्हणून सगळा हिशोब काठावर येतो.

किरणमार्ग

अगदी बरोबर. मग सूट कुठे द्यायची ते नीट ठरवू. माझा प्रस्ताव : ऊर्जेला सूट, मोजणीला नाही.

सीमा ओलांडणारी वस्तू आपला स्थानिक वेग कायम ठेवते. बाहेर सेकंदाला दोन मीटर चालणारा आतही आतल्या सेकंदाला दोन मीटर चालतो. म्हणून पडणं नाही. ही पहिली जादू.

दुसरी जादू छताची. ते प्रकाश गिळतं आणि त्याच रंगाचा प्रकाश आतल्या गतीने आत सोडतं. दिशा वक्रीभवनाच्या नियमाने वळते, त्यामुळे खिडकी आणि आरसा दोन्ही टिकतात. बाहेर पडणाऱ्या उष्णतेला छताने अडवायचं नाही, नाहीतर वरचा तक्ता परत लागू होईल. गुणोत्तर २ असेल तर बाहेरच्या हिशोबाने आलेल्या प्रकाशातला निम्माच आत खर्च होतो. उरलेला निम्मा छत वर परत फेकतं. म्हणजे शेजारच्या डोंगरावरून पाहणाऱ्याला भर दुपारी खोऱ्यावर दुधी, झगझगीत तबक दिसेल. मंडळ का चमकतं याचं कारण आपोआप मिळालं : न खर्चलेलं ऊन.

बाकी जे जे मोजता येतं (घंटेचे टोल, बाण, पाण्याचे लिटर, हवेचे रेणू, सूर्योदय) ते सीमेवर तेवढंच राहतं. बाहेर शंभर गेले तर आत शंभर आले. फक्त ते किती वेळात आले हे दोन्हीकडे वेगळं. ही एक ओळ भिंतीवर चिकटवून ठेवा, निम्म्या विसंगती तिथेच पकडल्या जातील.

घटिकापात्र

या ओळीचा पहिला परिणाम पंचांगावर. सूर्योदय मोजता येतात, म्हणून तिथी दोन्हीकडे एकच. आत ४० आणि बाहेरही ४०. "बाहेर आला तर शतक उलटलं होतं" हा प्रकार या जगात होणारच नाही. फरक पडतो शरीराला आणि घड्याळाला : आतल्या माणसाचं वय २० दिवसांनी वाढतं, आणि त्याला एक दिवस-रात्र १२ तासांतच संपल्यासारखी वाटते. आतल्या घड्याळाने बाहेरच्या आकाशातला सूर्य तासाला १५ ऐवजी ३० अंश सरकतो.

यातून बारीकसारीक बरंच निघतं. रात्री विरजण लावलं तर सहा तासांच्या रात्रीत दही नीट लागणार नाही. आंबवायचं पीठ आज संध्याकाळी भिजवलं तर उद्या दुपारी तयार. रोजंदारी दिवसावर असेल तर मालकाचं नुकसान, म्हणून आतली मजुरी घटिकेवर ठरणार. व्याज मात्र तिथीवर चालतं, त्यामुळे कर्जदाराला ४० दिवसांचं व्याज भरायला २० दिवसांचं काम मिळतं. सावकार हे मंडळ येण्याची वाट बघतील. गर्भवतीचे दिवस पंचांगाने २० ने लांबतील आणि सुईणीला ते ठाऊक असायला हवं.

गुणोत्तर कसं मोजायचं? आत बसून आतल्या घड्याळाकडे बघून कळत नाही, सगळंच सारखं सावकाश झालेलं असतं. बाहेरच्या टेकडीवर दर घटिकेला, म्हणजे २४ मिनिटांनी, एक जाळ उंच करायचा. आत घटिकापात्र, म्हणजे तळाला बारीक भोक असलेलं आणि एका घटिकेत बुडणारं भांडं, पाण्यात सोडायचं. ते बुडेपर्यंत दोन जाळ दिसले तर गुणोत्तर २. दोन्हीकडची पात्रं एकाच साच्याची हवीत आणि पाणी सारख्या उबेचं हवं. १५ अंशांपेक्षा ४० अंशांचं पाणी बरंच पातळ वाहतं आणि बारीक भोकातून लवकर शिरतं. खात्रीसाठी सोबत लंबक : ९९.४ सेंमी लांबीचा एक झोका जाऊन-येऊन दोन सेकंदांचा.

अठरा वर्षांच्या फेऱ्याबद्दल : ग्रहणांचं खरं चक्र ६,५८५ दिवस आणि सुमारे ८ तासांचं असतं, म्हणजे १८ वर्षं ११ दिवस. त्या ८ तासांमुळे पुढचं ग्रहण पृथ्वीवर १२० अंश पश्चिमेला दिसतं. मंडळाला हेच चक्र द्या. मग ते दर वेळी वेगळ्या प्रदेशावर येईल आणि ५४ वर्षांनी पुन्हा जवळपास त्याच रेखांशावर. खोऱ्यात आधीचं मंडळ आठवणारी माणसं मोजकी आणि म्हातारी असतील. कथेला याचा उपयोग होईल.

सांजवारा

६० सोडून २ घेतलं. ५४ वर्षांचा फेराही. आता नदी. माझ्या डोक्यात "आत पाणी सावकाश वाहतं" एवढंच होतं.

पाटकरी

बाहेरून बघणाऱ्याला सावकाश. आतल्याला पूर.

कोरड्या हंगामात नदीला सेकंदाला २० घनमीटर पाणी आहे धरू, सुमारे ७०० क्युसेक. पात्र ५० मीटर रुंद, खोली २ मीटर. आतल्या एका सेकंदात बाहेरच्या दोन सेकंदांचं पाणी येतं, म्हणजे ४०. रुंद पात्रात खोली प्रवाहाच्या ०.६ घाताने वाढते, वेग ०.४ घाताने. दुप्पट प्रवाहाला खोली दीडपट : ३ मीटर. वेग १.३ पट. काठापासून बऱ्यापैकी आत गेल्यावर हे आकडे धरा, अगदी काठावर पाणी खळबळतं राहील. पाणचक्कीला आतल्या हिशोबाने दुप्पट पाणी मिळतं. घाट, उतार, होड्यांचे खुंट सगळं एक मीटर वर सरकवावं लागतं.

खरी गंमत सुरुवातीला आणि शेवटी आहे, आणि ती मंडळाबाहेरच्या गावाला भोगावी लागते. मंडळ लागलं की आतलं पाणी निम्म्या गतीने बाहेर पडू लागतं. खालच्या गावात नदी २० वरून १० वर येते. आतलं पात्र भरायला लागणारं जादा पाणी : ३० किमी × ५० मीटर × १ मीटर, म्हणजे १५ लाख घनमीटर. ते साठेपर्यंत दोन-तीन दिवस खाली ओढ. मग प्रवाह पूर्ववत.

मंडळ उठताना उलटं. साठलेले १५ लाख घनमीटर एकदम सुटतात. मंडळ क्षणात विझलं तर खालच्या गावात नदी २० वरून थेट ४० वर. दोन दिवसांत हळूहळू विरलं तर जादा पाणी सेकंदाला ९ घनमीटर, म्हणजे २९ पर्यंतच. म्हणून खालच्या गावाचा नियम असा असेल : पस्तिसाव्या दिवसानंतर नदीकाठी गुरं बांधायची नाहीत, वाळूतले वाफे उपटून घ्यायचे. हा नियम वरच्या गावाला माहीतही नसेल.

दाबपारा

हवेकडे सगळ्यांचं दुर्लक्ष झालंय. "रेणू मोजता येतात" असं किरणमार्ग म्हणाले, त्याचा शेवट कुठे होतो बघा.

बाहेरचे रेणू नेहमीच्या दराने आत येतात. आतले बाहेर जातात ते बाहेरच्या घड्याळाने निम्म्या दराने. समतोल कधी? आत हवा दुप्पट दाट झाल्यावर. म्हणजे खोऱ्यात २ बार दाब, पाण्याखाली १० मीटरवर असतो तितका.

आता परिणाम. पाणी १०० ऐवजी १२० अंशांना उकळतं, म्हणजे उघड्या पातेल्यात कुकरच्या शिटीसारखी डाळ शिजते. तेलाची फोडणी तशीच, कारण तिचा उकळण्याशी संबंध नाही. ऑक्सिजनचा वाटा ०.२१ वरून ०.४२ बार होतो, त्यामुळे चूल भडकते, वाळलेलं गवत भराभर पेटतं, पेठेत रात्री उघडा दिवा ठेवायला बंदी हवी. फुप्फुसांना ०.४२ चालतो, ०.५ च्या वर दिवसचे दिवस राहिलं तर जळजळ आणि खोकला सुरू होतो. म्हणून गुणोत्तर २.४ च्या पुढे नेऊ नका. २ उत्तम.

बाष्पही दुप्पट. बाहेर सापेक्ष आर्द्रता ५० टक्के असेल तर आत १००. पावसाळ्यात मंडळ आणलं तर पूर्ण ४० दिवस दाट धुकं, ते उलटं खोरं कुणालाच दिसणार नाही. हंगाम कोरडा करा, माघ-फाल्गुनासारखा. तरी पहाटे धुकं पडेल, ऊन वर आलं की आकाश मोकळं.

मंडळ किती वेळात लागतं यावर वारा ठरतो. आत शिरणाऱ्या हवेचा सरासरी वेग म्हणजे त्रिज्येचा निम्मा भागिले वेळ. १५ किमी त्रिज्येला : एका दिवसात लागलं तर सेकंदाला ९ सेंमी, कळणारही नाही. एका तासात, सेकंदाला २ मीटर, झुळूक. दहा मिनिटांत साडेबारा मीटर, छपरं हलतील. एका मिनिटात सव्वाशे मीटर, आणि गडाखेरीज काही उरणार नाही.

सगळ्यात धोकादायक शेवट. २ बारमध्ये दिवसचे दिवस राहिलेल्या माणसाच्या रक्तात आणि चरबीत नायट्रोजन दुप्पट विरघळलेला असतो. दाब झटकन उतरला तर त्याचे बुडबुडे होतात. पाणबुड्यांना होतो तोच आजार : सांधे ठणकतात, अंगावर चट्टे, वाईट झालं तर पाय लुळे. म्हणून पाटकरींच्या पुरासाठीच नाही तर माणसांसाठीसुद्धा मंडळ किमान एका दिवसात हळूहळू विरायला हवं.

बुरूजमाची

गडाला वेढा पडला तर काय? दोन तराजू आहेत आणि ते विरुद्ध बाजूंना झुकतात.

मारा : बाहेरचा तिरंदाज मिनिटाला ८ बाण सोडतो, ते आतल्या मिनिटाला १६ येतात. आतला ८ सोडतो, ते बाहेरच्या मिनिटाला ४ पोचतात. म्हणजे काठावर समोरासमोर उभं राहिल्यास चौपट फरक. सावकाश बाजूने काठावर लढूच नये. बाहेरचे घोडेस्वार निघालेले दिसले की विचार करायलाही निम्माच वेळ मिळतो.

रसद : गडावर ५०० माणसं, माणशी दिवसाला ६०० ग्रॅम धान्य, म्हणजे रोज ३०० किलो. ४० सूर्योदयांत पोटं भरायची फक्त २० दिवसांची. ६ टन धान्य वाचलं. वेढा घालणाऱ्यांना पूर्ण ४० दिवसांचं लागतं. दूध, भाजी, जखमाही निम्म्या गतीने नासतात.

म्हणून शहाणा किल्लेदार मंडळ लागताच काठावरच्या चौक्या सोडून पंधरा किलोमीटर आत येईल. शहाणा शत्रूही आत शिरणार नाही, कारण आत आला की त्याचा फायदा संपला. मंडळाच्या ४० दिवसांत लढाई काठावरच अडून राहते, हे नकाशात धरा. आणि दाबपारांनी सांगितलेला वणव्याचा धोका विसरू नका : पेटते बाण इथे दुप्पट घातक.

सांजवारा

नकाशा पुन्हा काढावा लागणार, आणि मला ते आवडतंय. एक प्रश्न उरला. काठ किती रुंद ठेवू? आणि काठावरच्या माणसाला आपण कुठे आहोत हे कसं कळणार? डोळ्यांना तर काहीच रेषा दिसत नाही.

तारषड्ज

कानांना कळेल. आवाजाच्या लहरीही मोजता येतात, त्यामुळे बाहेरची घंटा आत गुणोत्तराइतकी चढलेली ऐकू येते. गुणोत्तर २ म्हणजे बरोबर एक सप्तक : बाहेरचा सा आत तार सा. लयही दुप्पट, तेव्हा बाहेरचा विलंबित ठेका आत मध्य लयीत येतो. उलट बाजूने १२० हर्ट्झचा पुरुषी आवाज बाहेर ६० हर्ट्झ होतो, शब्द कळणार नाहीत, फक्त घुमणं. वटवाघळं ४० किलोहर्ट्झच्या आसपास ओरडतात, ते एरवी आपल्याला ऐकू येत नाही; बाहेर काठाशी ते २० पर्यंत उतरतं. ३० वर ओरडणाऱ्या जाती १५ वर येतात, म्हणजे बाहेरच्या चौकीतल्या लहान मुलांना संध्याकाळी बारीक टिकटिक ऐकू येईल आणि म्हाताऱ्यांना नाही.

काठ एक किलोमीटर रुंद ठेवा आणि गुणोत्तर त्यात १ पासून २ पर्यंत सरळ वाढवा. दर मीटरला एक सहस्रांश फरक, अंगाच्या जाडीत नगण्य. काठ वीतभर ठेवलात तर आत गेलेल्या हातात हृदय दुप्पट रक्त ढकलेल, म्हणून तो विचार सोडा.

मग बाहेरच्या कडेला एक मोठी घंटा टांगा, नेहमी एकाच स्वराची, तिला सा म्हणू. आत चालत गेलं की १२५ मीटरवर ती रे ऐकू येते, २५० वर ग, ३३३ वर शुद्ध म, ५०० वर प, ६६७ वर ध, ८७५ वर नी, आणि पूर्ण किलोमीटरवर तार सा. चौकीदाराकडे त्याच सा ला जुळवलेली एकतारी असली की पुरे. घंटा ऐकायची, एकतारीवर स्वर ताडून बघायचा, आणि आपण कुठे आहोत ते पंधरा-वीस पावलांच्या आत कळतं. धुक्यातसुद्धा.

दाबपारा

तारषड्ज, यानेच माझा बुडबुड्यांचा प्रश्न सुटतो! गुणोत्तर आणि दाब एकच आकडा आहे, म्हणजे प ऐकू येतो तिथे दाब दीड बार, ग पाशी सव्वा.

एक किलोमीटरचा काठ म्हणजे दहा मीटर खोली, शंभर मीटर चाललं की एक मीटर वर आल्यासारखं. दीर्घकाळ दाबाखाली राहिलेल्या पाणबुड्यांना शेवटच्या टप्प्यात तासाला साधारण एक मीटर असं वर आणतात, आणि तेही हेलियमच्या मिश्रणावर. इथे नायट्रोजन आहे, तो सावकाश निघतो, म्हणून दुप्पट वेळ धरा : शंभर मीटरला दोन तास, सगळा काठ ओलांडायला आतल्या घड्याळाने वीस तास. आत फार तर तास-दोन तास राहून परतणाऱ्याला हे बंधन नको, तो सरळ चालत येऊ शकतो.

तेव्हा बाहेर पडणाऱ्यांसाठी काठात तीन धर्मशाळा हव्यात : ध, प आणि ग ऐकू येतात तिथे. बाहेर निघताना पहिला मुक्काम ध पाशी. तिथे पोचेपर्यंतचा ३३३ मीटरचा रस्ता सहा-सात तासांत, बसत-बसत. प पर्यंत आणखी सव्वातीन तास, तिथे जेवण आणि झोप. मग ग पर्यंत पाच तास. शेवटचा ग ते सा हा टप्पा सगळ्यात सांभाळून, कारण सांधे दुखायला लागतात ते बहुधा इथेच. दुखू लागलं तर उपाय एकच : परत आत, प पाशी किंवा दुखणं थांबेल तिथपर्यंत, आणि पुन्हा दुप्पट सावकाश. ओझं उचलणं, धावणं, घोड्यावर बसणं या वीस तासांत बंद. गुरांनाही हाच नियम, पण कोंबड्यांना लहान अंगामुळे याच्या बराच कमी वेळ पुरेल.

धर्मशाळेच्या दारावर अंतर लिहू नका, स्वर लिहा. मंडळ विरायला लागलं की स्वर आपली जागा सोडून आत सरकतात, आणि दारात उभं राहून घंटा ऐकणाऱ्याला ते पहिल्यांदा कळतं : ग च्या दारात रे ऐकू आला की काठातल्या प्रत्येकाने होता तिथून आत चालायला लागायचं.

सांजवारा

मग मंडळ विरताना आतल्या सगळ्या खोऱ्याचं काय? ते तर कुठे चालत जाऊ शकणार नाहीत.

दाबपारा

त्यांना चालायची गरज नाही, त्यांच्यासाठी मंडळच काठाचं काम करतं. विरायला आतल्या घड्याळाने वीस तासांहून जास्त वेळ दिलात की गावातला माणूस ओट्यावर बसल्या बसल्या उतरतो. गुणोत्तर उतरत जाणार असल्यामुळे बाहेरच्या घड्याळाने हे तीस तासांच्या आसपास जातं, म्हणजे पाटकरींच्या दोन दिवसांत आरामात बसतं. दोन दिवसच ठेवा. त्या दोन दिवसांत विहिरीत उतरणं आणि गडावर चढणं टाळायचं, पाणी भरपूर प्यायचं, आणि ज्याचे गुडघे-खांदे दुखतील त्याला झोपवून ठेवायचं. चूल मात्र पहिल्या दिवशी नेहमीच्या अंदाजाने पेटवू नका. डाळीला वेळ जास्त लागायला लागलाय हे स्वयंपाकघरात सगळ्यात आधी कळेल.